जुन्नरी कागद : कागदी लोकांच्या कारखान्यांतील जिन्नस व त्यांचा पुरवठा

१

मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें म्हणून जीं पत्रें, महजर, निवाडपत्रें, हिशेबाच्या वह्या व पोथ्या आपण जमवितों, त्यांतील अक्षरांकडे आपलें सारें लक्ष असतें. तीं अक्षरें ज्यानें दोनशें-तीनशें वर्षें सांभाळलीं त्या कागदाकडे तें क्वचितच जातें. यादी करितांना ‘कागद जुन्नरी’ किंवा ‘कागद देशी’ एवढें टिपलें कीं कर्तव्य संपलें असें आपण मानतों. परंतु तो कागद एका लहानशा कारखान्यांत, थोड्या माणसांच्या हातून, निरनिराळ्या ठिकाणांहून मिळविलेल्या जिनसांपासून तयार होत असे. त्या जिनसांपैकीं एखादा वेळेवर न मिळाला, किंवा एकाच्या जागीं दुसरा हलका वापरावा लागला, तर त्याची खूण तावावर कायमची राही. ती खूण वाचतां येते, आणि संशोधकानें ती वाचावी, असें आमचें म्हणणें आहे.

यंत्राच्या स्वस्त कागदामुळें जुन्नरी कागदाचा धंदा बसला, असें सामान्यतः सांगितलें जातें. हें खरें आहे, पण अपुरें आहे. कागदी लोकांचें कसब कोणी हिरावून घेतलें नव्हतें. तें पिढ्यान् पिढ्या हातांत होतें तसेंच होतें. मात्र हा धंदा मुळापासून दुसऱ्यांच्या टाकाऊ मालावर उभारलेला होता. कच्चा माल किती व कसा मिळावा हें कागद्याच्या हातीं नव्हतें. तें वाण्याच्या गोणीवर आणि नावाड्याच्या दोरावर अवलंबून होतें. एकोणिसाव्या शतकांत एकीकडून हा पुरवठा बदलला व दुसरीकडून मोठें गिऱ्हाईक तुटलें. या दोहोंच्या कात्रींत हा धंदा सांपडला. प्रस्तुत लेखांत या कारखान्यांतील एकेका जिनसाची हकीकत देऊन ही गोष्ट स्पष्ट करण्याचा विचार आहे.

२

प्रथम स्थळांविषयीं. जुन्नर हें कुकडी नदीच्या खोऱ्यांत, शिवनेरीच्या पायथ्याशीं वसलेलें प्राचीन शहर. नाणेघाटानें कोंकणांत उतरणारी वाट येथून जवळ आहे. इ. स. १४९० मध्यें मलिक अहमदानें स्वतंत्र होऊन निजामशाहीचा पाया घातला तो याच शहरीं, पुढें इ. स. १४९४ मध्यें अहमदनगर वसलें. राजकारभाराचें ठिकाण, वाहत्या पाण्याची नदी आणि घाटावरून चालणारा व्यापार या तीन गोष्टी एकत्र आल्या म्हणजे कागदाच्या धंद्यास लागणारें बहुतेक सर्व तेथें मिळतें. दौलताबादेजवळील कागजीपुरा हें दुसरें प्रसिद्ध ठिकाण. महंमद तुघलकानें इ. स. १३२७ मध्यें राजधानी देवगिरीस आणली त्या काळापासून तेथें कागदी वसले, अशी परंपरा आहे. पुण्यांत कसबा पेठेंतील ‘कागदीपुरा’ हें नांव याच धंद्याचें स्मारक होय. मुंबई इलाख्याच्या गॅझेटियराचा पुणें जिल्ह्याचा भाग इ. स. १८८५ मध्यें प्रसिद्ध झाला, त्यांतहि या धंद्याची हकीकत आली आहे. हे कारागीर मुसलमान असून ‘कागदी’ हेंच त्यांचें नांव व हाच त्यांचा व्यवसाय होता. महाराष्ट्राचा दप्तरी कारभार मोडींत, शास्त्र्यांच्या पोथ्या बाळबोधींत, आणि दोहोंच्या खालीं या कारागिरांच्या हातचा कागद, अशी ही तीन शतकांची जोडणी आहे.

३

आतां जिन्नस पाहूं. पहिला व मुख्य जिन्नस तंतूचा. देशी कागदाचा उत्तम तंतु म्हणजे सणाचा, ज्यास आपल्याकडे ताग असें म्हणत. येथें एक सावधगिरी अवश्य आहे. अलीकडे बंगालच्या ज्यूटासहि ताग म्हणण्याची चाल पडली आहे; परंतु ही वनस्पति वेगळी व ती वेगळी. दख्खनचा जुना ताग म्हणजे सणच होय. त्याच्या जोडीला अंबाडीहि असे. मात्र कागदी हा शेतांतील नवा ताग विकत घेत नसे. तो त्यास परवडण्यासारखा नव्हता. तो घेई तें फाटकें गोणपाट, तरट, जुने दोर, सुतळी, आणि जेथें समुद्र जवळ तेथें कोळ्यांचीं जीर्ण जाळीं. यांत केवळ स्वस्ताई नव्हती. बैलाच्या पाठीवर वर्षानुवर्षें घासलेल्या, पावसांत भिजलेल्या व उन्हांत वाळलेल्या गोणीचा तंतु आधींच निम्माअधिक सुटलेला असतो. जें काम कारखान्यांत चुन्यानें व मुसळानें करावयाचें त्याचा मोठा भाग लमाणाच्या तांड्यानें फुकट करून ठेवलेला असे.

परंतु याच सोयींत धोकाहि होता. नवा ताग घ्यावयाचा असता तर मागणी वाढली म्हणजे कुणब्यास सांगून पेरा वाढवितां आला असता. जुन्या गोणीचें तसें नाहीं. दप्तरांत कागदाची निकड लागली म्हणून वाण्याच्या गोणी लवकर फाटत नाहींत. व्यापार जोरांत चालला तर चिंध्या पुष्कळ. तांडे थांबले, रस्ते लुटारूंनीं बंद झाले, तर चिंध्या थोड्या. यासाठीं चतुर कागद्यास गोणपाटाचा सांठा करून ठेवावा लागे, आणि आलेला माल निवडावा लागे. स्वच्छ व मजबूत दोराचा भाग चांगल्या कागदाकडे, मळका व कुजका भाग जाड्याभरड्याकडे, अशी वांटणी झाल्यावांचून एकसारखा ताव निघत नसे. एकाच पत्राचे दोन बंद रंगानें व जाडीनें भिन्न दिसतात, तेव्हां निरनिराळ्या गड्ड्यांतील ताव एकत्र आले असावेत, असें समजावें.

दुसरा जिन्नस चुना. दख्खनच्या नदीकांठीं चुनखडी मुबलक असल्यामुळें हा जिन्नस लांबून आणावा लागत नसे. तोडलेलें गोणपाट भिजवून चुन्याच्या निवळींत मुरत ठेवीत. मग ढेकीखालीं, म्हणजे पायानें दाबून चालविण्याच्या मोठ्या मुसळाखालीं, तें कुटीत. नंतर नदीवर नेऊन कापडांत धुवीत. आणि पुन्हां चुना, पुन्हां कुटणें, पुन्हां धुणें असें तंतु मऊ व पांढरा होईपर्यंत चाले. धुण्याच्या एखाद्या फेरींत सज्जीखार किंवा पापडखार घालीत, त्यामुळें मळ सुटे. या पद्धतींत जळण जवळजवळ लागत नाहीं, हें ध्यानांत घेण्याजोगें आहे. जे काम अग्नीनें झटपट होतें तें येथें चुना व काळ यांनीं होई. जळण महाग व दिवस स्वस्त असलेल्या प्रदेशांत ही निवड शहाणपणाचीच होती; परंतु तिच्यामुळें गोणीपासून तावापर्यंत पुष्कळ दिवस लागत, आणि तितके दिवस कारखानदाराचें भांडवल हौदांत भिजत पडे.

तिसरा जिन्नस पाणी. त्यास मोल पडत नाहीं म्हणून त्याची गणना कोणी करीत नाहीं. पण कारखान्याची जागा त्यानेंच ठरविली. कुटलेला लगदा धुण्यास वाहतें पाणी हवें, आणि हौदांत ताव उचलण्यास निवळ पाणी हवें. पाण्यांतील गाळ तावांत उतरतो. देशी कागद उजेडापुढें धरला असतां त्यांत बारीक काळसर कण किंवा न कुटलेल्या सुताच्या गांठी दिसतात, त्यांतले कण बहुधा पाण्यांतून व गांठी घाईच्या कुटाईंतून आलेल्या असतात.

चौथें साधन छापरी. गवताच्या बारीक काड्या घोड्याच्या केसांनीं विणून केलेली ही चटई लांकडी सांच्यावर पसरून कारागीर ती हौदांत बुडवी व समतोल उचली. पाणी गळून जाई व तंतूंचा पातळ थर छापरीवर राही. काड्यांच्या बारीक रेषा व केसांच्या आडव्या ओळी यांचा ठसा तावांत राहतो. यूरोपांत हा सांचा धातूच्या तारेचा असल्यामुळें तेथील कागदांतील रेषा कांटेकोर सारख्या असतात. आपल्या कागदांत त्या किंचित वांकड्या व कमीअधिक अंतराच्या दिसतात. छापरी झिजली, तुटली कीं दुसरी विणून घ्यावी लागे. म्हणून हिशेबांत तिचा खर्च वरचेवर येणाराच धरला पाहिजे.

पांचवा जिन्नस खळ. दाबून पाणी काढलेले ताव गुळगुळीत लिंपलेल्या भिंतीवर कुंचल्यानें चिकटवून वाळवीत. अशा कोरड्या तावावर शाई फुटते. म्हणून तांदुळाची किंवा गव्हाची खळ शिजवून ती दोन्ही अंगांस लावीत व ताव पुन्हां वाळत घालीत. धान्य महागलें म्हणजे कागदहि महागणार, हें या जिनसावरून उघड होतें. खळ पातळ झाली तर कागद शाई पितो. जाड झाली तर घडीवर तडकतो. शेवटीं अकीक, गुळगुळीत दगड किंवा शिंपला यांनीं ताव घोटून त्यास चकाकी आणीत. चोवीस तावांचा एक दस्ता व दहा दस्त्यांची एक गड्डी. म्हणजे एका गड्डींत २४० ताव. दोन्ही अंगें धरितां ४८० वेळां खळ व ४८० वेळां घोटाई. या कामांत घरांतील बायकामुलांचाहि हात लागे. कागद्याचें घर व कारखाना एकच असल्यामुळें ही मजुरी हिशेबांत दिसत नाहीं. परंतु किंमत बसविण्यांत तीच सर्वांत जड होती.

४

या पांच जिनसांची सांगड घालतांना ऋतूचा विचार मोठा होता. पावसाळ्यांत नदीचें पाणी गढूळ, भिंती ओल्या, आणि खळ लावलेला ताव वाळेना. उन्हाळ्याच्या अखेरीस पाणी उतरलेलें. म्हणून खरें काम पाऊस संपल्यावर व कडक उन्हाळा लागण्यापूर्वीं. परंतु दप्तराची मागणी ऋतु पाहत नाहीं. तेव्हां पावसाळ्यापूर्वीं तयार कागदाचा सांठा, आणि पावसाळ्यानंतर लागणाऱ्या गोणपाटाचा सांठा, असे दोन सांठे एकाच वेळीं बाळगावे लागत. सांठ्यास पैसा लागतो. लहान कारखानदाराजवळ तो नसतो. कागद विकत घेणारा व्यापारीच अशा वेळीं पैसा पुरवितो, आणि ज्याचा पैसा त्याचा भाव हा नियम कागदाच्या धंद्यासहि चुकला नसेल.

काटकसरीची एक बाजू मात्र पूर्णपणें कागद्याच्या हातीं होती. कांठ कातरतांना निघालेली कातरण, फाटलेले ताव, भिंतीवरून नीट न सुटलेले तुकडे, हें सर्व पुन्हां हौदांत जाई. या कारखान्यांतून वाया जाणारें असें जवळजवळ कांहींच नव्हतें. याच सवयीचा पुढें कसा परिणाम झाला तें खालीं सांगावयाचें आहे.

लेखकाच्या बाजूनेंहि हीच संग्रहाची दृष्टि होती. समर्थांच्या दासबोधांत एकोणिसाव्या दशकाच्या पहिल्या समासांत लेखनक्रियेचें निरूपण आहे. त्यांत अक्षर कसें असावें एवढेंच सांगून समर्थ थांबत नाहींत. निरनिराळ्या देशांचे बोरू आणावेत, हिंगूळ व शाई संग्रहीं असावी, अशी साहित्याचीहि तरतूद ते सांगतात. चांगलें लेखन हें आधीं चांगल्या पुरवठ्यावर अवलंबून आहे, हें त्या काळच्या लिहिणारांस ठाऊक होतें.

५

मागणी केवढी होती याची कल्पना पुण्याच्या दप्तरावरून येते. पेशव्यांचें दप्तर रुमालांत बांधलेलें आज पुणें पुरालेखागारांत आहे, आणि त्याच्या रुमालांची संख्या हजारोंनीं मोजावी लागते. कै. गोविंद सखाराम सरदेसाई यांनीं इ. स. १९३० ते १९३४ या काळांत त्यांतून निवडून ४५ भाग छापले. पण ती निवड म्हणजे त्या सागरांतील ओंजळ होय. याशिवाय सरदार, सावकार, देशमुख-देशपांडे, मठ व देवस्थानें यांचीं दप्तरें वेगळीं. एवढ्या कागदाचा पुरवठा कांहीं कागदीपुऱ्यांनीं, ढेकी व छापरी यांवर, केला. बाहेरचा विलायती कागदहि बंदरांवरून येत होता, व तो ऐतिहासिक पत्रांत आढळतो. तथापि कारभाराचा मुख्य भार देशी कागदानेंच उचलला.

इ. स. १८१८ मध्यें पेशवाई गेली, आणि त्याबरोबर हें सर्वांत मोठें गिऱ्हाईक गेलें. नवें सरकारहि कागद पुष्कळ वापरी, पण त्याचा लेखनप्रकार निराळा. बोरूस कठीण व घोटीव कागद मानवतो. छापण्यास मऊ, सपाट व एकसारख्या जाडीचा कागद लागतो. इ. स. १८३१ मध्यें गणपत कृष्णाजी यांनीं मुंबईस शिळाछापावर पंचांग छापलें, तेव्हांपासून पोथी लिहविण्याची गरज हळूहळू कमी होत गेली. पुढें सर चार्लस वुड हे भारतमंत्री असतांना (इ. स. १८५९–१८६६) सरकारी कचेऱ्यांस लागणारा कागद विलायतेंतूनच घ्यावा असा हुकूम झाला. त्यानें हातकागदावर व नव्यानें उभ्या राहूं पाहणाऱ्या देशी गिरण्यांवर सारखाच आघात केला. कागदी लोकांकडे उरले ते जुन्या चालीच्या वह्या वापरणारे व्यापारी, भिक्षुक व किरकोळ गिऱ्हाईक.

पुरवठ्याकडूनहि त्याच सुमारास फट पडली. इ. स. १८५३ मध्यें मुंबई-ठाणें आगगाडी सुरू झाली, इ. स. १८६३ मध्यें बोरघाटांतील रस्ता खुला झाला, आणि बैलांच्या तांड्यांचा व्यापार ओसरूं लागला. इ. स. १८५५ मध्यें बंगाल्यांत रिश्रा येथें ज्यूटाची पहिली गिरणी निघाली. तेथपासून ज्यूटाचीं पोतीं सर्व देशभर पसरलीं. गोणपाटाचें नांव तेंच राहिलें, पण आंतला तंतु बदलला. सणाच्या तंतूंत लांकडाचा अंश फार थोडा असतो. ज्यूटांत तो बराच अधिक असतो, आणि तो उजेडानें व हवेनें पिंवळा-तपकिरी पडतो. म्हणजे कागदी पूर्वीप्रमाणेंच पोतीं विकत घेई, पूर्वीप्रमाणेंच चुन्यांत मुरवी व कुटी, पण निघणारा ताव पूर्वीचा नसे. त्याचा हात तोच होता. त्याच्या हातांत येणारा माल तो राहिला नव्हता.

दुसरा उपाय रद्दीचा. कातरण हौदांत टाकण्याची सवय होतीच. ती वाढत जाऊन रद्दी कागद हाच कांहीं ठिकाणीं मोठा कच्चा माल झाला. रद्दी कुटण्यास सोपी, चुना थोडा, वेळ थोडा, भांडवल लवकर मोकळें. लहान कारखानदारानें असा मार्ग पत्करावा यांत नवल नाहीं. परंतु एकदां कुटलेला तंतु दुसऱ्यांदा कुटला म्हणजे आंखूड होतो, व त्याचा ताव घडीवर तुटतो. आणि इतिहासाच्या दृष्टीनें याहून मोठी हानि अशी, कीं रद्दी म्हणून जे कागद ढेकीखालीं गेले त्यांत जुनीं पत्रें व वह्या गेल्या नाहींत असें कोण म्हणेल? वाड्यांतून मणावारी विकलेल्या जुन्या दप्तरांस वाण्याची पुडी हा एक शेवट होता आणि कागद्याचा हौद हा दुसरा. ज्या कारखान्यानें दप्तरें निर्माण केलीं त्याच कारखान्याच्या पोटांत तीं परत जाऊं लागलीं. यांत दोष कागद्याचा नव्हे. ज्यांनीं तीं रद्दी म्हणून तोलून दिलीं त्यांचा आहे.

यूरोपांतहि हाच पेंच होता. तेथील कागद सुती व तागी चिंध्यांपासून होई, व चिंध्या मागणीबरोबर वाढत नसत. तेथें तो पेंच लांकडानें सोडविला. इ. स. १८४४ मध्यें जर्मनींत केलर यानें लांकूड घांसून लगदा करण्याची रीत काढली, आणि कच्चा माल टाकाऊ न राहतां जंगलांतून हवा तितका तोडून आणतां येऊं लागला. पुण्याजवळ मुंढव्यास इ. स. १८८५ च्या सुमारास कागदाची गिरणी निघाली. जुन्नरच्या कागद्याजवळ असा मार्ग नव्हता. भांडवल नाहीं, यंत्र नाहीं, आणि कच्च्या मालावर ताबा नाहीं, अशा स्थितींत केवळ कसबावर धंदा किती दिवस टिकणार?

इ. स. १९३४ च्या अखेरीस महात्मा गांधींच्या प्रेरणेनें अखिल भारत ग्रामोद्योग संघ स्थापन झाला, व वर्ध्यास हातकागदाचे प्रयोग सुरू झाले. श्री. के. बी. जोशी यांनीं त्यांत पुढाकार घेतला, इ. स. १९४० मध्यें पुण्यांत हातकागद संस्था निघाली. या पुनरुज्जीवनांत प्रथम विचार करावा लागला तो कच्च्या मालाचाच, आणि पुढें सुती कापडाच्या कातरणीवर भर देण्यांत आला. जुन्या कागदी लोकांचा अनुभव येथें पुन्हां प्रत्ययास आला: कसब शिकवितां येतें, पण पुरवठा उभारावा लागतो. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराचे कै. परशुराम कृष्ण गोडे यांनीं याच काळांत कागदाच्या चीनपासून भारतापर्यंतच्या प्रवासाचा शोध घेतला, ही या विषयांतील आपल्याकडील मोलाची कामगिरी होय.

६

आतां संग्राहकांच्या प्रत्यक्ष उपयोगाच्या गोष्टी. जुन्नरी कागदावरील इ. स. १७५० चें पत्र आज उघडलें तरी घडीवर लवतें, इ. स. १९०० चें वर्तमानपत्र हात लावतांच चुरा होतें. याचें कारण जिनसांतच आहे. मुरवणीचा चुना कितीहि धुतला तरी त्याचा अंश तंतूंत उरतो, आणि पुढें कागदांत उत्पन्न होणारें आम्ल तो मारतो. उलट, यंत्राच्या कागदास शाई फुटूं नये म्हणून तुरटी व राळ घालण्याची रीत इ. स. १८०७ मध्यें जर्मनींत इलिग यानें प्रसिद्ध केली. ती स्वस्त म्हणून सर्वत्र पसरली. तुरटीचें आम्ल व लांकडाचा लगदा मिळून तो कागद आंतून जळत जातो. अमेरिकेंत बॅरो यांनीं इ. स. १९५० नंतरच्या दशकांत केलेल्या परीक्षांनीं हें निश्चित झालें. म्हणून जुनें देशी पत्र विसाव्या शतकाच्या स्वस्त कागदांत गुंडाळून ठेवूं नये. वेष्टनाचें आम्ल आंतल्या कागदास लागतें. धुतलेलें सुती कापड, म्हणजे आपला जुना रुमालच, अधिक चांगला.

देशी शाई काजळाची व डिंकाची असल्यानें ती कागद खात नाहीं. माजूफळ व हिराकस यांची शाई असेल तर अक्षरांच्या जागीं कागद तपकिरी पडून छिद्रें पडतात; तसा कागद दिसतांच तो वेगळा काढावा. खळ मात्र कसरीचें व वाळवीचें आवडतें अन्न. त्यावर उपाय म्हणून पोथ्यांच्या पानांस हरताळ लावीत; चुकलेलीं अक्षरें झांकण्यासहि तीच वापरीत, व ‘हरताळ फासणें’ हा वाक्प्रचार तेथूनच निघाला. हरताळ हें सोमलाचें संयुग आहे. पिंवळीं पानें हाताळल्यावर हात धुवावेत, आणि बोट जिभेस लावून पान उलटण्याची संवय सोडावी.

कागद पत्राच्या खरेपणाचीहि साक्ष देतो. यूरोपी कागद असल्यास तो उजेडापुढें धरून पाणचिन्ह पाहावें. इटालीहून पूर्वेकडील बाजारांसाठीं निघणाऱ्या कागदांत तीन चंद्रकोरींचें चिन्ह असे. इंग्लंडांत इ. स. १७९४ च्या कायद्यानंतर कागदाच्या सांच्यांत सालाचा आंकडा घालण्याचा प्रघात पडला. असा आंकडा असलेलें पत्र त्या सालापूर्वींचें असूं शकत नाहीं, मग मिति कांहींहि असो. रेषा मुळींच नसलेला सपाट विणीचा यूरोपी कागद इ. स. १७५७ च्या सुमारास इंग्लंडांत व्हॉटमन यानें काढला. तेव्हां अशा कागदावर शिवकालीन मिति आढळली तर ती बनावट किंवा मागाहूनची नक्कल मानावी. उलट, देशी छापरीच्या रेषा आढळल्या एवढ्यावरून पत्र खरें ठरत नाहीं. जुना कोरा कागद मिळवून त्यावर नवें लिहिणें अशक्य नाहीं. कागद हा नकार ठामपणें देतो, होकार जपून देतो.

यासाठीं यादी करितांना पुढील टिपणें ठेवावींत अशी सूचना आहे: तावाची लांबीरुंदी, उजेडापुढें दिसणाऱ्या रेषा व त्यांतील अंतर, रेषा सारख्या कीं वांकड्या, न कुटलेल्या सुताच्या गांठी, काळे कण, घोटाई एका अंगास कीं दोन्ही, रंग, पाणचिन्ह असल्यास त्याची आकृति. मिति निश्चित असलेल्या कांहीं शेंकडा पत्रांचीं अशीं टिपणें एकत्र झालीं, तर कोणत्या दशकांत कोणत्या प्रतीचा कागद वापरांत होता याचा कोष्टक तयार होईल, आणि मितिहीन पत्रें लावण्यास तो उपयोगीं पडेल. सणाचा तंतु जाऊन ज्यूटाचा केव्हां आला, रद्दीचा कागद केव्हां वाढला, हेंहि सूक्ष्मदर्शकाखालीं पाहतां येण्याजोगें आहे. त्यासाठीं पत्र फाडावें लागत नाहीं. पोथीच्या बांधणींत पडलेले सुटे तंतु पुरतात.

शेवटची विनंति कागदी घराण्यांविषयीं. राजे-सरदारांचीं दप्तरें आपण शोधलीं. परंतु गोणपाट कोणाकडून घेतलें, चुना काय भावानें, गड्डी कोणास विकली, उचल कोणाची घेतली, हें सांगणाऱ्या कागद्यांच्या व कागदविक्या व्यापाऱ्यांच्या वह्यांकडे आपलें लक्ष गेलेलें नाहीं. जुन्नर, पुणें, नाशिक व कागजीपुरा येथील जुन्या घरांत अशी एखादी वही असेल, तर ती रद्दींत जाण्यापूर्वीं तिची नक्कल करून घ्यावी. ज्याजवळ अशी वही असेल त्यानें ती मोल नसलेली म्हणून टाकूं नये. तींतील दहा ओळींचा भावहि, आजपर्यंत आपण वाचलेल्या हजारों पत्रांखालील कागदाची किंमत प्रथमच सांगेल.